डेव्हिड अब्राहम चेऊलकर

डेव्हिड अब्राहम चेऊलकर (जन्म : ठाणे, १९०९, मृत्यू : टोरांटो, कॅनडा, १९८१) हे हिंदी चित्रपटसृष्टीतील नामवंत चरित्र अभिनेते होते. पडद्यावरील श्रेयनामावलीत त्यांचे नाव केवळ ‘डेव्हिड’ असे येत असे आणि प्रेक्षकही त्यांना त्याच नावाने ओळखत. सुमारे चार दशकांच्या कारकिर्दीत त्यांनी शंभराहून अधिक चित्रपटांत भूमिका केल्या. त्या बहुतेक साहाय्यक स्वरूपाच्या होत्या. ‘बूट पॉलिश’ (१९५४) या चित्रपटातील जॉन चाचा ही त्यांची सर्वांत गाजलेली भूमिका होय. या भूमिकेसाठी त्यांना १९५५ साली सर्वोत्कृष्ट सहअभिनेत्याचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. हा पुरस्कार त्या वर्षी प्रथमच देण्यात आला होता. भारत सरकारने १९६९ मध्ये त्यांना पद्मश्री देऊन गौरविले.

== कुळ आणि आडनाव ==

डेव्हिड यांचा जन्म बेने इस्रायली समाजातील मराठीभाषक कुटुंबात झाला. बेने इस्रायल म्हणजे कोकणातील ज्यू. समाजात चालत आलेल्या परंपरेनुसार, त्यांच्या पूर्वजांचे जहाज अलिबागजवळच्या नवगाव येथील किनाऱ्यावर फुटले आणि त्यातून वाचलेल्या सात पुरुष व सात स्त्रियांपासून हा समाज वाढला. पुढे ही कुटुंबे तेव्हाच्या कुलाबा, म्हणजे आजच्या रायगड जिल्ह्यातील खेड्यापाड्यांत विखुरली. तेलघाणीचा व्यवसाय करणारे हे लोक शनिवारी, म्हणजे आपल्या शब्बाथच्या दिवशी, घाणा बंद ठेवीत. त्यावरून गावकरी त्यांना ‘शनिवार तेली’ म्हणू लागले. त्यांनी आपला धर्म जपला, पण भाषा आणि पेहराव कोकणचा स्वीकारला. मराठी ही त्यांची मातृभाषा झाली.

या समाजातील आडनावे कोकणातील इतर समाजांप्रमाणेच गावांवरून पडली. पेणकर, नवगावकर, चेऊलकर ही त्यांची उदाहरणे. अलिबाग तालुक्यातील चौल या प्राचीन बंदराचे बोलीतील रूप चेऊल असे आहे. त्यावरून आलेले चेऊलकर हे आडनाव डेव्हिड यांच्या कुळाचा रायगडच्या किनाऱ्याशी असलेला संबंध सांगते. चित्रपटात आल्यावर हे आडनाव मागे पडले आणि ‘डेव्हिड’ एवढेच नाव उरले. परिणामी, त्यांना आवडीने पाहणाऱ्या अनेक मराठी प्रेक्षकांनाही हा नट आपल्याच मुलखातील आहे, याची कल्पना नव्हती.

एकोणिसाव्या शतकात बेने इस्रायली कुटुंबे शिक्षण आणि नोकरीच्या निमित्ताने मुंबई, पुणे, ठाणे येथे स्थायिक होऊ लागली. ठाण्यात १८७९ मध्ये त्यांचे सिनेगॉग उभे राहिले. डेव्हिड यांचा जन्म झाला तेव्हा या शहरात समाजाची चांगली वस्ती होती. चित्रपटसृष्टीशीही या समाजाचा जुना संबंध आहे. पहिला भारतीय बोलपट ‘आलम आरा’ (१९३१) ज्यांच्या नाटकावरून तयार झाला, ते जोसेफ डेव्हिड पेणकर हे बेने इस्रायलीच होते.

== शिक्षण आणि चित्रपटप्रवेश ==

डेव्हिड यांनी १९३० साली मुंबई विद्यापीठाची बी. ए. पदवी संपादन केली. त्यांनी कायद्याचेही शिक्षण घेतले. तो काळ जागतिक मंदीचा होता. पदवीधरांनाही नोकऱ्या सहज मिळत नसत. मनाजोगी नोकरी न मिळाल्याने काही वर्षे अनिश्चिततेत गेल्यावर ते चित्रपटाकडे वळले. त्या काळी सुशिक्षित मध्यमवर्गीय कुटुंबांत चित्रपटाचा व्यवसाय प्रतिष्ठेचा मानला जात नसे. त्यामुळे पदवीधर तरुणाने हा मार्ग धरणे ही साधी गोष्ट नव्हती.

चरित्र अभिनेते नायमपल्ली हे त्यांचे मित्र होते. त्यांच्या साहाय्याने डेव्हिड यांना मोहन भवनानी दिग्दर्शित ‘झांबो’ (१९३७) या चित्रपटात संधी मिळाली. बोलपट सुरू होऊन तेव्हा अवघी सहा वर्षे झाली होती. मूकपटांतील अनेक नट भाषेच्या व उच्चारांच्या अडचणीमुळे मागे पडत होते आणि स्पष्ट बोलू शकणाऱ्या, सुशिक्षित नटांची गरज वाढत होती. डेव्हिड यांचे शब्दोच्चार स्वच्छ होते, आवाजात आर्जव होते. मात्र बुटका बांधा आणि लवकर पडलेले टक्कल यांमुळे नायकाच्या भूमिका त्यांच्या वाट्याला येणे शक्य नव्हते. आपल्या शरीरयष्टीची मर्यादा त्यांनी आरंभीच ओळखली आणि चरित्र भूमिकांचा मार्ग पत्करला.

== ‘नया संसार’ आणि ख्वाजा अहमद अब्बास ==

बॉम्बे टॉकीजच्या ‘नया संसार’ (१९४१) या चित्रपटाने डेव्हिड यांचे नाव लोकांसमोर आले. अशोककुमार आणि रेणुकादेवी यांच्या प्रमुख भूमिका असलेला हा चित्रपट वृत्तपत्राच्या जगावर आधारलेला होता. त्याची कथा पत्रकार ख्वाजा अहमद अब्बास यांची होती. पुढे अब्बास स्वतः निर्माता-दिग्दर्शक झाले, तेव्हा त्यांनी आपल्या संस्थेलाही ‘नया संसार’ हेच नाव दिले आणि डेव्हिड यांना पुन्हा पुन्हा आपल्या चित्रपटांत घेतले.

अब्बास यांच्या ‘राही’ (१९५३) मध्ये आसामच्या चहामळ्यांतील मजुरांचे जीवन होते, तर ‘मुन्ना’ (१९५४) हा एका अनाथ मुलाच्या शोधाची कथा सांगणारा, एकही गाणे नसलेला चित्रपट होता. ‘परदेसी’ (१९५७) हा भारत आणि सोव्हिएत संघ यांची संयुक्त निर्मिती असून त्याचा विषय पंधराव्या शतकात भारतात आलेला रशियन प्रवासी अफनासी निकितीन हा होता. ‘शहर और सपना’ (१९६३) या चित्रपटात मुंबईत घर शोधणाऱ्या एका गरीब जोडप्याची कहाणी होती. त्याला त्या वर्षीचा सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. या सर्व चित्रपटांत डेव्हिड होते.

निकितीनचा ‘परदेसी’शी जोडलेला एक योगायोग येथे नोंदविण्याजोगा आहे. इतिहासातील निकितीन भारतात प्रथम उतरला तो चौल बंदरात. ज्या बंदराचे नाव डेव्हिड यांनी पडद्यावर वापरले नाही, त्याच बंदरावर आलेल्या प्रवाशाच्या कथेत त्यांनी काम केले.

== ‘बूट पॉलिश’मधील जॉन चाचा ==

आर. के. फिल्म्सची निर्मिती असलेला ‘बूट पॉलिश’ १९५४ मध्ये प्रदर्शित झाला. राज कपूर हे निर्माते आणि प्रकाश अरोरा हे दिग्दर्शक होते. भोला आणि बेलू या पोरक्या भावंडांची ही कथा आहे. त्यांची काकू कमला त्यांना मारहाण करून भीक मागायला लावते. शेजारच्या झोपडीत राहणारा, चोरून दारू विकणारा जॉन चाचा मात्र त्यांना भीक न मागता कष्टाने मिळवून खाण्याची शिकवण देतो. मुले पैसे साठवून ब्रश आणि पॉलिश विकत घेतात. पुढे पावसाळा येतो, बुटांना पॉलिश करून घेणारे गिऱ्हाईक मिळेनासे होते आणि जॉनलाही पोलीस पकडून नेतात.

या भूमिकेचा मर्म तिच्यातील विसंगतीत आहे. मुलांना प्रामाणिक जगण्याचा धडा देणारा माणूस स्वतः बेकायदेशीर धंदा करतो. मुंबई राज्यात १९४९ चा दारूबंदी कायदा लागू होता. त्यामुळे हातभट्टीची चोरटी दारू हे झोपडपट्टीतील रोजचे वास्तव होते. प्रेक्षकांना असा माणूस नवीन नव्हता. पण त्याला खलनायक किंवा विनोदी दारुडा न करता डेव्हिड यांनी त्याला पित्याची माया दिली. जॉनचा उपदेश पोकळ वाटत नाही, कारण त्यामागे स्वतःच्या चुकलेल्या आयुष्याची जाणीव दिसते. स्वतःला जे जमले नाही ते या मुलांना जमावे, ही त्याची तळमळ आहे.

चित्रपटातील दोन गाणी डेव्हिड यांच्यावर चित्रित झाली आणि दोन्ही लोकप्रिय ठरली. एकात मुलांच्या मेळाव्यात जॉन चाचा त्यांना प्रश्न विचारतो आणि मुले उत्तरे देतात. त्यात मोहम्मद रफी आणि आशा भोसले यांचे स्वर आहेत. दुसरे मन्ना डे यांनी गायिलेले, अडाणा रागावर आधारलेले गाणे तुरुंगातील प्रसंगात येते. टक्कल पडलेल्या कैद्यांच्या मेळ्यात जॉन ढगांना आळवतो आणि शास्त्रीय संगीताच्या गंभीर चालीतून निखळ विनोद उभा राहतो. आपल्या टकलाचा डेव्हिड यांनी येथे मोकळेपणाने उपयोग करून घेतला आहे.

बेलूची भूमिका करणाऱ्या बेबी नाझ हिचा १९५५ च्या कान चित्रपट महोत्सवात विशेष उल्लेख झाला. भोलाच्या भूमिकेत रतनकुमार होता. ही दोन बालकलाकारांची कथा असल्याने तीत मोठ्या वयाचा नायक नाही. म्हणूनच एका चरित्र अभिनेत्याला कथेच्या मध्यभागी उभे राहण्याची दुर्मीळ संधी मिळाली. तरीही डेव्हिड यांनी मुलांवर मात केली नाही. त्यांच्या बरोबरच्या प्रसंगांत ते अनेकदा नुसते ऐकतात, पाहतात आणि प्रसंग मुलांच्या हाती सोडतात.

== पहिला सहअभिनेता पुरस्कार ==

फिल्मफेअर पुरस्कारांचा पहिला सोहळा १९५४ मध्ये झाला, तेव्हा केवळ पाच पुरस्कार होते. त्यांत सहकलाकारांसाठी एकही नव्हता. १९५५ च्या दुसऱ्या सोहळ्यात सहअभिनेता आणि सहअभिनेत्री हे विभाग सुरू झाले. सहअभिनेत्याचा पहिला पुरस्कार ‘बूट पॉलिश’साठी डेव्हिड यांना, तर सहअभिनेत्रीचा पहिला पुरस्कार ‘बादबान’साठी उषा किरण यांना मिळाला. म्हणजे या दोन्ही पुरस्कारांचे पहिले मानकरी मराठी होते. त्या वर्षी ‘बूट पॉलिश’ सर्वोत्कृष्ट चित्रपटही ठरला. पुढील दशकात ‘अनाडी’साठी ललिता पवार आणि ‘कानून’ व ‘शहर और सपना’ या चित्रपटांसाठी नाना पळशीकर यांनाही हा सन्मान लाभला.

साहाय्यक भूमिकांच्या स्वतंत्र गौरवाला जगभर उशीरच झाला. अमेरिकेतील ऑस्कर पुरस्कारांत हा विभाग १९३७ मध्ये, म्हणजे डेव्हिड यांनी पदार्पण केले त्याच वर्षी सुरू झाला. त्याचा पहिला मानकरी वॉल्टर ब्रेनन हा होता. प्रारंभीची काही वर्षे या विभागातील विजेत्यांना मूर्तीऐवजी केवळ फलक दिला जाई. ब्रिटिश अकादमीने सहअभिनेत्याचा पुरस्कार १९६९ मध्ये सुरू केला आणि तो प्रथम इयान होम यांना मिळाला. भारताच्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत हा विभाग १९८४ च्या चित्रपटांपासून आला. तोपर्यंत डेव्हिड हयात नव्हते.

== हृषीकेश मुखर्जी आणि बासू चटर्जी यांचे चित्रपट ==

साठीच्या दशकात डेव्हिड यांना भूमिका भरपूर मिळाल्या, पण त्यांपैकी अनेक एका साच्यातील होत्या. सज्जन काका, कुटुंबाचा स्नेही, घरचा वैद्य अशा माणसांना हिंदी चित्रपटांत थोडेच संवाद असत. ‘उपकार’ (१९६७) आणि ‘एक फूल दो माली’ (१९६९) यांसारख्या यशस्वी चित्रपटांतही ते होते. त्यांच्या अभिनयाला पुन्हा खरा वाव मिळाला तो मध्यमवर्गीय जीवनाचे चित्रण करणाऱ्या दोन दिग्दर्शकांकडे.

हृषीकेश मुखर्जी यांच्या ‘अनुपमा’ (१९६६) मध्ये ते मोझेस, तर ‘सत्यकाम’ (१९६९) मध्ये रुस्तम झाले. ‘अभिमान’ (१९७३) मधील ब्रजेश्वरलाल हा संगीताचा जाणकार रसिक आहे. नवविवाहित गायक सुबीर आणि त्याची पत्नी उमा यांचे गाणे तो समारंभात ऐकतो. पत्नी अधिक गुणी आहे आणि त्यातून पुढे दोघांत दुरावा येईल, हे इतर सर्व जण आनंदात असताना त्याला एकट्याला कळते. चित्रपटाचा सारा पुढचा भाग या एका जाणिवेतून उलगडतो.

‘चुपके चुपके’ (१९७५) मध्ये ते नायिका सुलेखाचे वडील बंधू हरिपद आहेत. बहिणीच्या नवऱ्याने रचलेल्या थट्टेत ते सहभागी होतात. ‘गोल माल’ (१९७९) मध्ये ते डॉक्टर केदार, म्हणजे रामप्रसादचे मामा आहेत. भवानीशंकर या मालकाला खेळांत रमणारे तरुण आवडत नाहीत, मिशी नसलेला पुरुष पटत नाही, ही माहिती भाच्याला तेच देतात आणि त्यातूनच पुढचा सर्व गोंधळ सुरू होतो. प्रत्यक्षात खेळांवर मनापासून प्रेम करणाऱ्या या नटाने भाच्याला खेळाची आवड लपवायला सांगावे, यात एक गंमत आहे. ‘खूबसूरत’ (१९८०) मध्येही ते होते.

बासू चटर्जी यांच्या ‘खट्टा मीठा’ (१९७८) मध्ये त्यांनी पारशी समाजातील सोली रंगविला. ‘बातों बातों में’ (१९७९) मध्ये ते वांद्र्याच्या ख्रिस्ती वस्तीतील अंकल टॉम आहेत. लोकल गाडीच्या रोजच्या प्रवासात टोनी आणि नॅन्सी यांची ओळख घडवून आणणारा हा हसतमुख वृद्ध त्यांच्या उत्तरायुष्यातील सर्वांत लोकप्रिय भूमिकांपैकी एक आहे. तेव्हा डेव्हिड सत्तरीचे होते.

== अभिनयाचे स्वरूप ==

डेव्हिड यांच्या उत्तम भूमिका एकत्र पाहिल्या, तर त्यांतील एक समान सूत्र लक्षात येते. त्यांची पात्रे स्वतः कथेचा विषय नसतात, पण कथा त्यांच्यामुळे पुढे सरकते. जॉन चाचा मुलांना कष्टाचा मार्ग दाखवतो, ब्रजेश्वरलाल येणारे संकट ओळखतो, केदार मामा भाच्याला युक्ती पुरवतात, अंकल टॉम दोन तरुणांची गाठ घालून देतात. एवढे काम झाले की ही माणसे बाजूला होतात. दाराची बिजागरी जशी दिसत नाही, पण तिच्यावाचून दार फिरत नाही, तसे या भूमिकांचे कार्य आहे. असा प्रसंग नटाने अंगाबाहेर जाऊन केला, तर कथेचा तोल जातो. उदासीनतेने केला, तर पुढचे काहीच खरे वाटत नाही. डेव्हिड यांनी हे प्रमाण दीर्घकाळ सांभाळले.

दुसरे वैशिष्ट्य म्हणजे त्यांनी साकारलेल्या समाजांची विविधता. ख्रिस्ती, पारशी, उत्तर भारतीय हिंदू अशा निरनिराळ्या घरांतील वडीलधारे त्यांनी उभे केले आणि ते कोठेही परके वाटले नाहीत. भाषेचा हेल किंवा पोशाख यांची नक्कल करण्यापेक्षा त्या माणसाचा स्वभाव पकडण्याकडे त्यांचा कल होता. धर्माने ज्यू, भाषेने मराठी आणि व्यवसायाने हिंदी-उर्दूचा नट असलेल्या या माणसाला अनेक घरांत सहज वावरण्याची सवय लहानपणापासूनच असावी, असे म्हणता येते.

== निवेदन आणि क्रीडाक्षेत्र ==

डेव्हिड हे उत्तम वक्ते आणि सूत्रसंचालक होते. फिल्मफेअर पुरस्कारांसह अनेक चित्रपटविषयक आणि सार्वजनिक समारंभांचे निवेदन त्यांनी केले. हजरजबाबीपणा आणि कोणालाही न बोचणारा विनोद यांसाठी ते ओळखले जात. दूरचित्रवाणीच्या आधीच्या काळात मुंबईच्या सभा-समारंभांतील त्यांची उपस्थिती हे एक आकर्षण असे.

खेळांत त्यांना विशेष रस होता. वेटलिफ्टिंग या खेळाच्या संघटनेत त्यांनी काम केले आणि पंच म्हणूनही जबाबदारी पार पाडली.

== अखेरची वर्षे ==

डेव्हिड अविवाहित राहिले. पडद्यावर असंख्य मुलांचे चाचा, मामा आणि अंकल झालेल्या या नटाला स्वतःचा संसार नव्हता. आयुष्याच्या अखेरीस ते कॅनडात जाऊन राहिले. १९८१ च्या अखेरीस टोरांटो येथे त्यांचे निधन झाले. त्याच वर्षाच्या आरंभी कुलाबा जिल्ह्याचे नामांतर होऊन तो रायगड जिल्हा झाला होता.

इस्रायलच्या स्थापनेनंतर बेने इस्रायली समाजातील बहुसंख्य कुटुंबे टप्प्याटप्प्याने तिकडे स्थलांतरित झाली. कोकणातील अनेक गावांत त्यांची जुनी घरे, कबरस्ताने आणि सिनेगॉग तेवढी शिल्लक राहिली. डेव्हिड यांची कारकीर्द नेमकी या स्थलांतराच्या काळातील आहे. समाज विरळ होत असताना त्यातील एका माणसाचा चेहरा देशभरातील चित्रपटगृहांत ओळखीचा होत होता.

== महत्त्व ==

चित्रपटाचा इतिहास बहुधा नायक-नायिका आणि दिग्दर्शक यांच्या नावांनी लिहिला जातो. साहाय्यक नटांची नोंद यादीच्या तळाशी होते. डेव्हिड यांच्या बाबतीत तर पूर्ण नावही त्या यादीत आले नाही. तरीही ‘बूट पॉलिश’ जॉन चाचावाचून आणि ‘बातों बातों में’ अंकल टॉमवाचून आठवता येत नाही. सहअभिनेत्याच्या पुरस्काराचे पहिले मानकरी म्हणून त्यांचे स्थान निश्चित आहे. त्याबरोबरच चौलच्या किनाऱ्याशी नाते सांगणारा, मराठी मातृभाषा असलेला एक ज्यू कलावंत म्हणूनही महाराष्ट्राच्या सांस्कृतिक इतिहासात चेऊलकर या नावाची नोंद होणे आवश्यक आहे.

== निवडक चित्रपट ==

* झांबो (१९३७)
* नया संसार (१९४१)
* राही (१९५३)
* बूट पॉलिश (१९५४)
* मुन्ना (१९५४)
* परदेसी (१९५७)
* शहर और सपना (१९६३)
* अनुपमा (१९६६)
* उपकार (१९६७)
* सत्यकाम (१९६९)
* एक फूल दो माली (१९६९)
* अभिमान (१९७३)
* चुपके चुपके (१९७५)
* खट्टा मीठा (१९७८)
* गोल माल (१९७९)
* बातों बातों में (१९७९)
* खूबसूरत (१९८०)